वेड्या राघूचा व्हिडिओ कसा लिहायचा?

प्रश्न : मी वागळे इस्टेटमध्ये राहतो आणि इथल्याच एका वर्कशॉपमध्ये सीएनसी मशीनवर काम करतो. प्राण्यांच्या विचित्र वागण्यावर मराठीत चार-पाच मिनिटांचे व्हिडिओ करायची फार इच्छा आहे. इंग्रजीतले असे व्हिडिओ मी आवडीने बघतो. पण मराठीत लिहायला बसलो की एक तर शाळेच्या पुस्तकातला धडा तयार होतो, नाही तर 'थरारक', 'अविश्वसनीय' अशा शब्दांची गर्दी होते. मित्र म्हणतात, पहिल्या पाच सेकंदांत धक्का दिला नाहीस तर कोणी थांबणार नाही. खरं विज्ञान सांगायचं आणि लोकांनी ते शेवटपर्यंत बघायचं, हे दोन्ही एकदम जमतं का? आणि विषय आणायचे कुठून? माझ्याकडे आहे तो एक मोबाइल.
— एक वाचक, वागळे इस्टेट, ठाणे

उत्तर : जमतं, आणि त्यासाठी धक्का द्यावा लागत नाही. प्राण्याच्या वागण्याबद्दलची कुठलीही खरी माहिती कोणीतरी तासन् तास बसून, काहीतरी युक्ती लढवून मिळवलेली असते. ती युक्ती हीच तुमच्या व्हिडिओची गोष्ट. 'हा पक्षी असं असं करतो' एवढं सांगून थांबलात तर ती बातमी झाली. 'पण हे कळलं कसं?' असं विचारलंत की ऐकणारा सरसावून बसतो, कारण आता त्यालाही डोकं चालवायला मिळणार असतं.

एक उदाहरण सविस्तर घेतो. ते आपल्या राज्यातलं आहे आणि त्याला महागडं सामान लागलेलं नाही.

वेडा राघू तुम्ही नक्की पाहिला असेल. हिरवा, सडपातळ, शेपटीतून बारीक काड्यांसारखी पिसं बाहेर आलेली. विजेच्या तारेवर बसतो, मध्येच सूर मारून हवेतल्या हवेत माशी टिपतो आणि पुन्हा तारेवर येतो. घरटं मात्र झाडावर करत नाही. मातीच्या दरडीत किंवा उघड्या जमिनीत बीळ खणून त्यात अंडी घालतो. साप, मुंगूस, कुत्रा, कोणालाही ते बीळ सापडलं की पिल्लं गेलीच. म्हणून जवळपास कोणी उभं असलं, तर हा पक्षी चोचीत किडा धरून ताटकळत राहतो, पण आत जात नाही. इथवर कुठल्याही पक्षिनिरीक्षकाला माहीत असतं.

पुण्याचे जीवशास्त्रज्ञ मिलिंद वाटवे आणि त्यांचे सहकारी यापुढे गेले. त्यांनी विचारलं, पक्षी थांबतो तो माणूस जवळ आहे म्हणून, की माणसाला बीळ दिसतंय म्हणून? दोन्हींत जमीन-अस्मानाचा फरक आहे. पहिल्यासाठी नुसतं अंतर कळलं तरी पुरतं. दुसऱ्यासाठी समोरच्याला त्याच्या जागेवरून काय दिसत असेल याचा अंदाज यावा लागतो, आणि समोरचा तर वेगळ्याच जातीचा प्राणी. ही कुवत चिंपांझींना आहे की नाही यावरसुद्धा त्या काळात शास्त्रज्ञांचे वाद चालले होते. पुणेकरांनी केलं ते इतकं साधं की ऐकून चकित व्हावं. माणसाला कधी अशा जागी ठेवलं जिथून बीळ दिसतं, आणि कधी जवळजवळ तेवढ्याच अंतरावर, पण बीळ दिसणार नाही अशा जागी. मग पक्षी किती वेळा आत जातो ते मोजलं. बीळ दिसू शकत होतं तेव्हा पक्षी कमी वेळा आत गेले. हा अभ्यास 2002 मध्ये 'अ‍ॅनिमल कॉग्निशन' या नियतकालिकात छापून आला.

आता हा व्हिडिओ लिहू. 'नमस्कार मित्रांनो, आज आपण एका अनोख्या पक्ष्याबद्दल जाणून घेणार आहोत' हे वाक्य पहिल्यांदा खोडा. पडद्यावर तारेवरचा राघू, चोचीत किडा. निवेदन एवढंच : 'किडा केव्हाच पकडलाय. पिल्लं भुकेली आहेत. तरी हा घरी जात नाही.' झाले तुमचे पाच सेकंद. मग थोड्या अंतरावर उभा माणूस दाखवा. बघणारा मनात म्हणेल, अच्छा, माणसाला घाबरतोय. त्याला तसं म्हणू द्या. तुम्हीही 'बरोबर' म्हणा. आणि मग कागदावर दोन जागा काढून दाखवा, अंतर सारखं, पण एका जागी मध्ये झुडूप. इथे निकाल सांगू नका. दोन-तीन सेकंद गप्प राहा. त्या शांततेत प्रत्येक जण पैज लावतो, आणि पैज लावलेला माणूस निकाल कळल्याशिवाय उठत नाही.

कागदावर म्हणालो ते मुद्दाम. खऱ्या बिळासमोर उभं राहून हा प्रयोग चित्रित करू नका. तुमच्या प्रत्येक मिनिटाला आतली पिल्लं उपाशी राहतात. शास्त्रज्ञ मोजक्या वेळासाठी, एका ठरलेल्या प्रश्नासाठी ते करतात. तुम्हाला त्याचं उत्तर आधीच मिळालेलं आहे.

शेवटाकडे एक वाक्य फार जपून लिहावं लागेल. 'वेड्या राघूला माणसाचं मन कळतं' असं लिहायचा मोह होईल, आणि शीर्षक म्हणून ते चांगलं चालेलही. पण प्रयोगातून तेवढं निघत नाही. समोरच्याला आपलं बीळ दिसेल की नाही, याला धरून पक्षी वागणं बदलतो, इतकंच म्हणता येतं. त्याच्या डोक्यात नेमकं काय चालतं, हा पुढचा प्रश्न. तो तसाच उघडा ठेवा. माझा अनुभव असा की मराठी वाचकाला अर्धा उघडा दरवाजा आवडतो. सगळं पक्कं करून हातात दिलं की त्याचा रस संपतो.

तुमचं लेखन धड्यासारखं का होतं, तेही यातून कळेल. धडा नावापासून सुरू होतो. मग कुळ, रंग, आढळ, आहार, वीण. विचित्र वागणं येईपर्यंत अर्धा वेळ गेलेला असतो, आणि आलं तरी ते दहातला एक मुद्दा म्हणून येतं. तुम्ही कोड्यापासून निघा आणि बाकीची माहिती कोड्याला लागेल तेवढीच घ्या. वेडा राघू बिळात घरटं करतो हे सांगावंच लागतं, कारण त्याशिवाय ताटकळणं समजत नाही. तो अंडी किती घालतो, याची इथे गरज नाही.

कोडं सापडायला दूर जावं लागत नाही. सुगरणीचं घरटं घ्या. बहिणाबाईंच्या कवितेमुळे ते प्रत्येक मराठी घरात आईच्या कष्टांशी जोडलेलं आहे. पण ठाणे जिल्ह्यात शेताच्या कडेच्या एखाद्या शिंदीखाली पावसाळ्यात उभे राहिलात, तर एक गोष्ट खटकेल. कितीतरी घरटी अर्धवट आहेत, खाली नळी नाही, नुसती टोपी लटकते आहे. एवढ्या मेहनतीने विणलेलं काम अर्ध्यावर का टाकलं असेल? 1930 च्या पावसाळ्यात सलीम अली अलिबागजवळच्या किहीमला राहत होते. हाताला नोकरी नव्हती, जवळच सुगरण पक्ष्यांची वसाहत होती. ते रोज बघत बसले. विणणारा नर आहे हे त्यांनी पाहिलं. घरटं टोपीएवढं झालं की माद्या येऊन आतबाहेर तपासतात. पसंत पडलं तर एखादी ताबा घेते, आणि मग नर नळी जोडून ते पुरं करतो. ती अंड्यांवर बसली की हा शेजारी दुसरं घरटं विणायला घेतो, दुसऱ्या मादीसाठी. जे कोणालाच पसंत पडलं नाही, ते तसंच लटकत राहतं. पुढच्या वर्षी बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीच्या नियतकालिकात त्यांनी हे सविस्तर लिहिलं.

या व्हिडिओत 'आईचं घरटं ही चूक होती' असा सूर लावू नका. अर्धवट घरटं दाखवा, प्रश्न विचारा आणि प्रेक्षकाला सलीम अलींच्या शेजारी बसवा. रोज एक दिवस पुढे सरका. चौथ्या दिवशी मादी येते आणि नापसंत करून उडून जाते, तिथे लोकांचा जीव त्या नरात गुंतलेला असेल. अशी जागा मिळाली की संगीत वाढवून ती दाबून टाकू नका.

आता तुमच्या मित्रांच्या धक्क्याबद्दल. सापांचं 'प्रणयनृत्य' म्हणून एक चित्रफीत दरवर्षी कुठून ना कुठून आपल्या फोनवर येते. दोन साप एकमेकांना पीळ घालून उभे राहतात, डोलतात, पडतात, परत उठतात. खाली लिहिलेलं असतं नाग-धामणीचा प्रणय. गावोगाव समज आहे की धामण ही नागाची मादी. खरं तर धामण ही वेगळीच जात, तिच्यात नर-मादी दोन्ही असतात, आणि त्या चित्रफितीतले दोघेही बहुतेक वेळा नर धामण असतात. ती कुस्ती असते. कोणी कोणाला चावत नाही. समोरच्याचं डोकं खाली दाबायचं, एवढाच डाव. हरलेला निघून जातो. सापांचं खरं मीलन जमिनीवर लोळत, बरंच शांतपणे होतं, म्हणूनच ते कोणी पाठवत नाही.

'प्रणय' म्हणून दाखवली तर लोक ती चित्रफीत दहा सेकंद बघतात. 'यातला कोण जिंकेल ते सांगा' म्हणून दाखवली, तर तेच लोक शेवटपर्यंत बघतील आणि परत मागे जाऊन बघतील, कारण आता त्यांना डाव दिसू लागलेला असतो. खरी गोष्ट खोट्यापेक्षा जास्त वेळ धरून ठेवते, हे मी मनापासून सांगतो. फक्त ती बघायची कशी ते दाखवावं लागतं.

उलटं केलं तर काय होतं याचं उदाहरण फार मोठ्या नावाचं आहे. 1958 साली डिस्नेने 'व्हाइट विल्डरनेस' हा माहितीपट काढला. त्यात लेमिंग नावाचे उंदरासारखे प्राणी झुंडीने समुद्रात उड्या घेऊन जीव देताना दिसतात. चित्रपटाला ऑस्कर मिळालं. 1982 मध्ये कॅनडाच्या सीबीसी वाहिनीने शोध घेतला, तेव्हा ते प्राणी दुसऱ्या प्रांतातून विकत आणलेले निघाले. दृश्यं समुद्रापासून दूर अल्बर्टात घेतलेली होती, आणि प्राण्यांना कड्यावरून ढकललं होतं. लेमिंग सामूहिक आत्महत्या करत नाहीत. तरी आजही जगभर लोक ते खरं मानतात. एकदा चित्र डोळ्यांत बसलं की खुलासा त्याच्यामागे धावून पोचत नाही. म्हणून चित्रीकरणातल्या जोडाजोडीबद्दल मी फार कडक आहे. एका दिवशीचा कावळा आणि दुसऱ्या दिवशीचं मांजर एकत्र लावून भांडण तयार करायचं नाही. जोडावं लागलंच, तर 'हे दृश्य वेगळ्या वेळचं आहे' असं पडद्यावर लिहायचं.

शब्दांचंही तसंच. 'कावळे शोकसभा भरवतात', 'कोकिळेचा कावेबाजपणा', 'नागिणीचा सूड'. आधी जे दिसलं ते सांगा. मेलेल्या कावळ्याभोवती बाकीचे जमून ओरडतात, हे दिसलं. वॉशिंग्टन विद्यापीठात जॉन मार्झलफ आणि सहकाऱ्यांनी मुखवटे घालून कावळे पकडले; नंतर तोच मुखवटा घातलेला माणूस दिसला की कावळे त्याच्यावर ओरडून येत, बाकीच्यांना सोडून देत. म्हणजे धोका कुठला हे ते लक्षात ठेवतात. मेलेल्याभोवती जमण्यातही धोका ओळखायचा भाग असावा असं नंतरच्या प्रयोगांवरून दिसतं. 'शोक' म्हटलं की हे सगळं शोधायचं राहूनच जातं. मराठीत हे भान ठेवून लिहिलेलं आहे. व्यंकटेश माडगूळकरांची 'सत्तांतर' वाचा. वानरांच्या टोळ्यांमधला सत्तेचा झगडा आणि त्यातली क्रूरता त्यांनी माणसांची विशेषणं न चिकटवता लिहिली, आणि 1983 चा साहित्य अकादमी पुरस्कार त्या कादंबरीला मिळाला. निवेदनाची भाषा शोधायची असेल तर इंग्रजी व्हिडिओंपेक्षा माडगूळकर आणि मारुती चितमपल्ली यांच्याकडे जा. त्यांची वाक्यं मोठ्याने वाचून बघा.

विषय कुठून आणायचे, याचं उत्तर तुमच्या पत्त्यातच आहे. वागळे इस्टेट ही एमआयडीसीची पहिली वसाहत. एका बाजूला यंत्रांचा खडखडाट, मागे येऊरचा डोंगर, मध्ये रायलादेवीचा तलाव, आणि गाडीने थोडं पुढे गेलं की खाडी. खाडीवर हिवाळ्यात रोहित येतात. त्यांचे फोटो सगळे काढतात, पण ते मान उलटी करून खातात कसे, हे कोणी विचारत नाही. 2025 मध्ये एक अभ्यास आला. रोहित डोकं झटक्याने वर ओढून आणि पाय आपटून पाण्यात भोवरे तयार करतात आणि त्यात अडकलेला बारीक जीव चोचीने गाळून घेतात. शास्त्रज्ञांनी चोचीची प्रतिकृती छापून ते भोवरे मोजलेसुद्धा. विषय सुंदर आहे, पण निवेदनात हे सांगायलाच हवं की तो अभ्यास चिलीच्या रोहितांवर झाला. आपल्या खाडीवर लहान रोहित आणि मोठा रोहित या वेगळ्या जाती येतात, आणि लहान रोहिताच्या चोचीची घडण बरीच निराळी आहे. 'ठाण्याच्या खाडीत पक्षी वादळ उठवतात' असं लिहिलंत तर ते खोटं ठरेल. 'आपले रोहितही असंच करतात का?' असं विचारून थांबलात, तर कोणीतरी दुर्बीण घेऊन ऐरोलीला जाईल.

बिबट्यावर तुम्ही करणारच, ठाण्यात राहून टळत नाही. 20 फेब्रुवारी 2019 ला पहाटे कोरम मॉलमध्ये एक बिबट्या सीसीटीव्हीत दिसला, आणि मग जवळच्या हॉटेलच्या आवारातून वनखात्याने त्याला बेशुद्ध करून पकडलं. ती चित्रफीत सगळ्यांनी पाहिली आहे; तुम्ही पुन्हा दाखवून काही वाढणार नाही. त्यापेक्षा 'आजोबा' नावाच्या बिबट्याची गोष्ट सांगा. 2009 मध्ये अहिल्यानगर (तेव्हाचा अहमदनगर) जिल्ह्यात विहिरीत पडलेला एक वयस्क नर बिबट्या बाहेर काढला गेला. विद्या अत्रेय आणि वनखात्याने त्याच्या गळ्यात जीपीएस पट्टा घालून त्याला माळशेज घाटात सोडलं. तो तिथे थांबला नाही. जवळपास महिनाभरात सुमारे 120 किलोमीटर चालत तो थेट संजय गांधी राष्ट्रीय उद्यानाकडे आला. म्हणजे आपल्याच जिल्ह्यातून, रस्ते आणि रेल्वेमार्ग ओलांडत, माणसांच्या वस्त्यांच्या आजूबाजूने. यावर 2014 मध्ये सुजय डहाके यांनी चित्रपटही केला. तुम्हाला चित्रपटाइतकं सामान नको. एक नकाशा आणि त्यावर एकामागून एक उमटणारे ठिपके, बस्स. बिबट्या मॉलमध्ये शिरला त्यापेक्षा, एवढ्या गर्दीतून तो बहुतेकांच्या नजरेला न पडता गेला हे जास्त विचित्र आहे.

पण पहिला व्हिडिओ मी सुचवेन कावळ्या-कोकिळेचा. तो तुमच्या गल्लीत मिळेल, आणि खिडकीतून झूम करून घेता येईल. उन्हाळ्यापासून पावसाळ्याच्या सुरुवातीपर्यंत कावळ्यांची घरटी चालू असतात. 'कुहू' करणारा काळा पक्षी नर. मादी तपकिरी, ठिपक्यांची. नर कावळ्याच्या घरट्याजवळ जाऊन ओरडतो, कावळे त्याच्यामागे धावतात, तेवढ्यात मादी अंडं घालून जाते. कोकिळेचं अंडं कावळ्याच्या अंड्यांच्या दोन-तीन दिवस आधी फुटतं, त्यामुळे परक्या पिल्लाला खाण्यात आघाडी मिळते. युरोपातल्या कोकिळेचं पिल्लू यजमानाची अंडी ढकलून देतं. आपल्या कोकिळेचं पिल्लू सहसा तसं करत नाही. इंग्रजी व्हिडिओ बघून हा फरक विसरणारे पुष्कळ आहेत, तुम्ही विसरू नका.

आणि त्याच घरट्यात आणखी एक प्रश्न आहे, तो तर खास तुमचाच. शहरातले कावळे घरट्यात लोखंडी तारांचे तुकडे गुंफतात. तुमच्या वर्कशॉपच्या मागे तारा, बाइंडिंगचे तुकडे पडलेले असतात. कावळा काडी मिळत नाही म्हणून तार उचलतो, की काडी समोर असतानाही तार निवडतो? हे तुम्ही स्वतः बघू शकता. जिथे झाडंही आहेत आणि भंगारही, अशी जागा पकडा, हंगामभर कावळा काय उचलतो ते वहीत लिहा, पिल्लं उडून गेल्यावर रिकामं घरटं लांबून टिपा. उत्तर काहीही आलं तरी ते तुमचं स्वतःचं असेल, आणि असा व्हिडिओ दुसऱ्या कोणाकडे नसेल.

लिहून झालं की मसुदा कॅमेऱ्यासमोर वाचू नका. आधी चहाच्या सुट्टीत सोबतच्या माणसाला तोंडी सांगा. तो जिथे मोबाइलकडे बघेल तिथलं वाक्य काढा, जिथे 'मग?' म्हणेल तिथलं राखा. चार मिनिटांत एकच प्राणी आणि एकच प्रश्न. दुसरा सुचला तर तो पुढचा व्हिडिओ.

थोडं नियमांचं. येऊरचं जंगल राष्ट्रीय उद्यानाचा भाग आहे, आत चित्रीकरणाला वनखात्याची परवानगी लागते. 1972 च्या वन्यजीव संरक्षण कायद्यामुळे साप हातात धरून दाखवणं, पिल्लं उचलणं, घरट्याची फांदी वाकवून फोटो घेणं यातून गुन्हा दाखल होऊ शकतो. आणि घरट्याची किंवा बिबट्याच्या वावराची नेमकी जागा व्हिडिओत सांगू नका, मोबाइलच्या कॅमेऱ्यातलं लोकेशनही बंद ठेवा. खाली 'ठाणे परिसर' एवढं लिहिलं की पुरे.